उलट्या हातांचे बेट

हवाईयन गिटार शिकवणाऱ्या बाईने चाळीसच्या दशकातले ते बेगडी बेटांचे चित्रपट अजून का पाहावेत, असे प्रत्येक कार्यक्रमानंतर कोणीतरी विचारतेच. तुम्हीही विचारलेत म्हणून एकदा नीट लिहिते.

त्यांतला खोटेपणा मला पाठ आहे. १९४० नंतर अमेरिकेतल्या बारमध्ये आणि उपाहारगृहांत पॅनोराम नावाचे कपाटाएवढे यंत्र असे. दहा सेंटचे नाणे टाकले की तीनेक मिनिटांचा ‘साउंडी’, म्हणजे गाण्याचा छोटा चित्रपट, दिसे. समुद्र पडद्यावर रंगवलेला, ताडाची झाडे स्टुडिओतली. यंत्रात आरसे असल्यामुळे या फिल्म मुद्दाम उलट्या छापत. तशी प्रत साध्या प्रोजेक्टरवर लावली की वादकाच्या उजव्या हातात तारांवर सरकवायची पोलादी कांडी दिसते आणि डाव्या हाताची बोटे तारा छेडतात. मी आरशात पाहून ते हात सुलटे केले आणि मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर अखंड सरकणे, शिकले. हवाईतल्या ओआहू बेटाच्या जोसेफ केकुकूने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रुजवलेली ती पद्धत तरी खोटी नव्हती, असे मी वर्षानुवर्षे सांगत आले.

शिकागोत राहत असताना शेजारच्या आजींना मी असाच एक साउंडी हौसेने दाखवला. त्या हवाईतल्या होनोलुलूच्या. त्यांनी एवढेच विचारले, “हे कोणत्या सालातले?” मी म्हणाले, १९४२. त्या बराच वेळ पडद्याकडे पाहत राहिल्या. मग म्हणाल्या, त्या वर्षी वायकिकीच्या किनाऱ्यावर काटेरी तारा होत्या, रात्री दिवे लावायला बंदी होती आणि मी गॅसचा मुखवटा खांद्याला अडकवून शाळेत जात होते. पर्ल हार्बरवरच्या हल्ल्यानंतर तिथे लष्करी कायदा होता, तो १९४४ पर्यंत उठला नाही, हे मला वाचून ठाऊक होते. तरीही मी त्यांनाच समजावू लागले की युद्धाने थकलेल्या माणसांना तीन मिनिटांचा विसावा हवा होता. त्यांनी अर्धा चहा तसाच ठेवला, आभार मानले आणि त्या गेल्या. त्या हिवाळ्यात त्या पुन्हा आल्या नाहीत.

विसाव्याची गरज खरी होती, हे मी आजही म्हणेन. पण ते त्यांना सांगण्याचा अधिकार मला कोणी दिला होता? तेव्हाच्या मला हा प्रश्न सुचलाच नाही, आणि आजच्या मला त्याचे उत्तर सापडलेले नाही. परवा विद्यार्थिनीला मींड दाखवायची होती, म्हणून तोच साउंडी लावला. सुरू करण्यापूर्वी तिला साल सांगितले, काटेरी तारांचेही सांगितले. मग आम्ही दोघी आरशासमोर बसलो.