'अभिप्राय मागविले आहेत'

दोन वेतनवाढी कायमच्या रोखल्याचा आदेश हातात पडला, तेव्हा एवढा राग आला नव्हता. त्यावरच्या अपिलाचं विचारल्यावर 'अभिप्राय मागविले आहेत' हे पाचव्यांदा ऐकलं, तेव्हा आला.

विभागीय चौकशी कशी झाली ते सांगत बसत नाही. चौकशी अहवाल मला आधी मिळालाच नाही, थेट शिक्षेच्या आदेशाला जोडून आला. उलटतपासात साक्षीदाराने जे कबूल केलं होतं, त्याचा त्यात उल्लेखसुद्धा नव्हता. राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या 1979 च्या शिस्त व अपील नियमांत अपिलाला 45 दिवस आहेत. मी एकविसाव्या दिवशी अपील पुण्याला वरच्या कार्यालयात दिलं, प्रत सोलापूरच्या आमच्या कार्यालयात.

तिथेच घोडं पेंड खायला लागलं. पुण्याला फोन केला की उत्तर, "तुमच्या कार्यालयाचे अभिप्राय आले नाहीत." इथे विचारलं की, "गेले की अण्णा, जावक नंबर पडलाय." मग साहेब दौऱ्यावर. मग गड्ड्याच्या जत्रेचा बंदोबस्त. मग मार्चअखेर. चार महिने मी सात रस्त्यावरून त्या जिन्यापर्यंत हेलपाटे घातले. शेवटी माहिती अधिकारात दहा रुपये भरून जावक नोंदवहीच्या त्या पानाची नक्कल मागितली. पानावर नंबर होता, तारीख होती, पत्ता होता. टपाल तिकिटांचा रकाना मात्र कोरा. नक्कल समोर धरली तेव्हा लिपिकाने कपाटावरचा गठ्ठा उतरवला. त्यात आमचा लखोटा, डिंक लावून बंद केलेला. "तिकिटं संपली होती, मग राहूनच गेलं." हे सांगताना तो चहा पीत होता.

अपिलाच्या निर्णयाची वाट सहा महिने बघायची, आणि ते मोजायचे अपील दिल्याच्या तारखेपासून, अभिप्राय गेल्यापासून नाही. म्हणून पोच घ्याच, शिक्का आणि तारखेसकट. सहा महिन्यांत निर्णय आला नाही तर मॅटचं, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं, दार उघडतं, पुढे एक वर्षाची मुदत.

ऑफिसातले एक जण म्हणाले, "आता कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच झालंय, तिकडेच जा." तसं चालत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 1997 च्या चंद्रकुमार निकालानंतर आधी मॅट, मग उच्च न्यायालय. आणि सोलापूरला मॅट म्हणजे मुंबईच. सिद्धेश्वर एक्स्प्रेसने किती रात्री गेल्या ते मोजणं सोडून दिलं.

वकिलांनी पहिल्याच भेटीत माझी हवा काढली. "तुम्ही निर्दोष आहात हे तिथे सांगायचं नाही. पुरावा पुन्हा तोलायला ते बसलेले नाहीत. निर्णय कसा घेतला, तेवढं बघतात." अहवाल आधी द्यायलाच हवा, हे सर्वोच्च न्यायालयाने 1993 मध्ये करुणाकर प्रकरणात सांगितलंय. पण तो न मिळाल्याने नुकसान काय झालं, हेही दाखवावं लागतं. माझ्याकडे उलटतपासाचं पान होतं, म्हणून वाचलो. जबाबाच्या नकला त्याच दिवशी घ्या, हे आधी सांगायला हवं होतं.

आदेश रद्द झाला. निर्दोष ठरवलं नाही, अहवालावर माझं म्हणणं घेऊन नव्याने निर्णय घ्या, असं. म्हणणं दिलंय, पोच घेतलीय. रोखलेल्या वेतनवाढींच्या फरकाचं बिल कोषागारात पाठवलंय म्हणतात. जावक नंबर पडलाय.