आमचा ताशा, त्यांचा तासा

मागच्या शुक्रवारी इथे त्रिनिदादमध्ये शेजारच्या लग्नघरी मटिकोर होतं. म्हणजे बायकांनी वाजतगाजत जाऊन धरतीची पूजा करायची, माती खणून आणायची आणि मग मनसोक्त नाचायचं. मी आपली साडीबिडी नेसून प्लास्टिकच्या खुर्चीवर कोल्ड्रिंक घेऊन बसले होते. तेवढ्यात अंगणाच्या कोपऱ्यातून तर्रर्र आलं आणि माझा ग्लास हातातच राहिला. अहो, ताशा! आपला, लक्ष्मी रोडवरचा ताशा!

त्रिनिदादला येऊन आठ महिने झाले, नवऱ्याची नोकरी गॅसच्या प्लँटमध्ये, आणि घरी फोन केला की सगळ्यांचा एकच प्रश्न, "रोज बॉब मार्ले ऐकत असशील ना?" तर मंडळी, बॉब मार्ले जमैकाचा, जमैका इथून अठराशेएक किलोमीटर लांब आणि तिथलं रेगे वेगळं. मार्टिनिक, ग्वादलूपवाल्यांचं झूक, हैतीचं कोंपा, डॉमिनिकनांचं मेरेंगे, इथलं कॅलिप्सो आणि सोका. कोकणी माणसाला घाटावरचा म्हटल्यावर जसं होतं तसं यांचं होतं.

असो, ताशा. इथे त्याला तासा म्हणतात. दोन ताशे, एक मोठा ढोल (त्याला नुसतं 'बेस' म्हणतात) आणि एक भलीमोठी पितळी झांज, झालं पथक. चार माणसं! एक ताशेवाला 'कटर', म्हणजे सगळी कारागिरी त्याची, दुसरा ठेका सांभाळतो. बकरीच्या कातड्याचं पान, त्यामुळे कोपऱ्यात पुठ्ठे पेटवलेले आणि दर थोड्या वेळाने त्या जाळावर ताशाची तोंडं धरून शेकायचं काम चालू. शेकलं की बोटाने टिचकी मारून बघायचं, मनासारखं टणकारलं की गळ्यात. पुण्यात आमच्या पथकाच्या ताशांना फायबरचं पान होतं, ही भानगडच नव्हती. आवाजात फरक आहे का, आहे. कबूल करायला जिवावर येतंय, पण आहे.

आणि कहर म्हणजे तालांना ते 'हँड' म्हणतात, म्हणजे हात! आमच्या पथकात पहिला हात, दुसरा हात असायचे, इथे तिकोरा हँड, डिंगोले हँड. मला राहवेना, मी त्या कटरवाल्या अंकलना जाऊन म्हटलं, हा तर आमचा ताशा. सत्तरीच्या घरातला माणूस, गालात हसला आणि म्हणाला, तुमचा आहे ना, मग वाजव की.

मी तर पाच वर्षं ढोल वाजवलाय, ताशाला हात लावलेला नाही! काड्या घेतल्या, जेमतेम एक आवर्तन, ते पण फाटलं. बायका हसल्या. अंकलनी शांतपणे माझ्या हातात झांज दिली.

घरी येऊन मग मी वाचत बसले, म्हणजे खरं सांगायचं तर आपलीच बाजू शोधत बसले. तर 30 मे 1845 ला फातेल रझाक जहाजातून इथे पहिले भारतीय मजूर आले, आणि पुढे 1917 पर्यंत येत राहिले ते बहुतेक बिहार-यूपीचे, कलकत्त्याहून जहाजात चढलेले. आपला काही संबंध नाही! इथे तासा मोहरमच्या होसे मिरवणुकीत पण वाजतो आणि हिंदूंच्या लग्नात पण. इंग्रजांना वाद्यांची धास्तीच. 1881 ला आफ्रिकन लोकांच्या कॅनबुले मिरवणुकीवरून दंगल झाली, मग ढोलांवर बंदी, 1884 ला सॅन फर्नांडोत होसेच्या मिरवणुकीवर गोळीबार. ढोल बंद तर लोकांनी बांबू आपटले, पुढे बिस्किटाचे डबे, आणि त्यातूनच शेवटी तेलाच्या पिंपाचं स्टीलपॅन नावाचं वाद्य झालं.

त्या पॅनचं एक सांगतेच. कार्निव्हलच्या आधी मी एका पॅनयार्डात, म्हणजे पॅनवाल्यांच्या सरावाच्या अंगणात गेले होते, तिथे पॅनोरामा या त्यांच्या स्पर्धेची तयारी. शंभराच्या वर वादक आणि कोणासमोर नोटेशनचा कागद नाही. अरेंजर एक तुकडा वाजवून दाखवतो, ते घोटतात, मग पुढचा, रात्री एक वाजेपर्यंत. मागे एक जण गाडीच्या ब्रेकड्रमवर लोखंडी सळ्या आपटतोय आणि अख्खी यार्ड त्याच्यावर चालते. मला आमची नदीकाठची प्रॅक्टिस आठवली, डास आणि वडापाव. आपणही पाठच करतो हो सगळं, पण आपल्याला त्याचं कौतुक नाही. आणि शंभर ढोल एकाच वेळी एकच वाजवतात, इथे शंभर जण वेगवेगळं वाजवून एक गाणं होतं. (पथकातले वाचत असतील तर शिव्या घालू नका, आपल्या मुली सात सात तास कमरेला ढोल बांधून चालतात, ते इथे कोणी करून दाखवावं.)

आणि आपणही अगदीच पाहुणे नाही आहोत. 1971 ला गावसकर वेस्ट इंडीजला येऊन चार टेस्टमध्ये 774 रन काढून गेला तर लॉर्ड रिलेटरने त्याच्यावर कॅलिप्सो रचला. हरलेल्या टीमच्या गायकाने! मुंबईच्या पोराचं नाव काढलं की इथली म्हातारी माणसं अजून ते गुणगुणतात. मी हे अंकलना ऐकवलं. ते म्हणाले, माहितीये, मी तेव्हा इथल्या क्वीन्स पार्क ओव्हल मैदानावर होतो. यांच्यापुढे एकदा पण जिंकता येत नाही.

पथकाच्या ग्रुपवर तासाचा व्हिडिओ टाकला. पहिला रिप्लाय, "ढोल कुठेत?" दुसरा, "चारच जण? बाकीचे आले नाहीत का?" मी मोठं उत्तर टाइप केलं, पुसलं, परत टाइप केलं.

या शुक्रवारी दुसऱ्या गल्लीत मटिकोर आहे. अंकलनी बोलावलंय, झांजेवर. झांजेच्या दोरीने अंगठ्याला फोड आलाय, त्यावर पट्टी लावून बसलेय.