व्हॅरम पर्सी: गाव उठलं, चर्च राहिलं

बाबा दोन महिने आमच्याकडे इंग्लंडमध्ये लीड्सला आलेत, यॉर्क झालं, व्हिटबी झालं, मग गेल्या रविवारी त्यांना व्हॅरम पर्सीला घेऊन गेले. बाबा आयुष्यभर तलाठी होते, जुनं गाव म्हटलं की त्यांचे कान टवकारतात, आणि इथे तर गावच नाहीये, फक्त चर्च आहे, तेही अर्धं.

माल्टनच्या पुढे यॉर्कशायर वोल्ड्सच्या टेकड्या लागतात. गाडी लावून सव्वाएक किलोमीटर खाली उतरायचं, तिकीट वगैरे काही नाही. खाली कुरणात गवताखाली चौकोनी उंचवटे दिसतात ती घरांची जोती, मधून खोलगट पट्टा जातो तो रस्ता. बाबा खाली वाकून बघत म्हणाले, "अगं, ही गावाची पांढरी!" म्हणजे गावठाणाची, वस्तीची जमीन. आणि खरंच पांढरी, कारण हा सगळा भाग खडूच्या दगडाचा, जिथे जनावराने उकरलंय तिथे पांढरे खडे वर आलेत.

सेंट मार्टिन चर्च दरीत आहे, शेजारी तळं. छप्पर नाही, मनोऱ्याचा अर्धा भाग १९५९ मध्ये कोसळला त्यामुळे बाहेरूनच त्याचं पोट दिसतं. पण मला बघायची होती ती भिंत. आधी इथे लाकडी चर्च होतं, मग दगडी छोटं, गाव वाढलं तशी माणसं मावेनात म्हणून १२व्या शतकाच्या शेवटी भिंत फोडून कमानी काढल्या आणि दक्षिणेला पडवीसारखा भाग जोडला, पुढे तसाच उत्तरेलाही. मग १३४९ ची प्लेगची साथ आली, नंतर लोकरीला भाव आला, शेतीपेक्षा मेंढ्या परवडायला लागल्या, माणसं कमी होत गेली आणि या लोकांनी काय केलं तर दोन्ही पडव्या पाडल्या आणि कमानी दगडांनी चिणून टाकल्या. त्या चिणलेल्या कमानी आजही भिंतीत स्पष्ट दिसतात, मी एका कमानीच्या कडेवरून हात फिरवला तर घडीव दगड संपून ओबडधोबड भर कुठे सुरू होते ते बोटांना कळतं. पुढे १७व्या शतकात गाभाऱ्याकडचा भागही आखूड केला. बाबा बराच वेळ तिथेच उभे होते, म्हणाले, "ही तर खानेसुमारीच आहे गं भिंतीवर." म्हणजे गावाची शिरगणती.

१५०० च्या सुमारास जमीनदाराने शेवटची चार घरंही उठवली. तरी चर्च चालूच राहिलं, कारण आसपासच्या गावांचंही तेच होतं, थिक्सनडेलची माणसं टेकड्या ओलांडून इथे यायची, आपली माणसंसुद्धा इथेच पुरायची. १८७० च्या सुमारास थिक्सनडेलला स्वतःचं चर्च झालं आणि इथली वर्दळ आटली, १९४९ नंतर प्रार्थना बंदच.

त्यानंतर खणणारे आले. इतिहासकार मॉरिस बेरेसफर्ड आणि पुरातत्त्वज्ञ जॉन हर्स्ट यांनी १९५० पासून १९९० पर्यंत दर उन्हाळ्यात इथे उत्खनन केलं, चाळीस वर्षं! चर्चच्या आत-बाहेर मिळून सुमारे ७०० सांगाडे निघाले आणि त्यांच्या हाडांवरून कळलं की इथल्या आया मुलांना साधारण दीड वर्ष अंगावर पाजायच्या. हे वाचलेलं होतं मी, पण त्या भिंतीच्या आत उभं राहून बाबांना सांगताना घसा दाटून आला.

आपल्याकडे अशा गावाला काय म्हणायचे, विचारलं तर म्हणाले, "बेचिराग. जिथे दिवा लागत नाही ते." तलाठी दप्तरात असा शेरा असायचा म्हणे. मग त्यांनी खिशातली डायरी काढली, थडग्याशेजारच्या कठड्यावर टेकवली आणि लिहिलं, मौजे व्हॅरम पर्सी, बेचिराग, आणि खाली तारीख.

परत येताना चढ आहे, वयस्कर माणसं सोबत असतील तर सावकाश या आणि बूट चांगले घाला, पाऊस झाला असेल तर चिखल खूप असतो.