समाजआरती, खोटी राणी आणि टाचेचा फोड

दिवे घाट, जेजुरीचा भंडारा, नीरेचं स्नान, चांदोबाच्या लिंबाचं रिंगण, हे तुम्ही एकतर चाललाय नाहीतर रील्सवर बघून झालंय, त्यामुळं ते सोडतो. मी आळंदी-पंढरपूर वारीला गेलो कारण बाबांचे गुडघे बोलायला लागले आणि घरातून कुणीतरी जायलाच हवं होतं. टाळ त्यांचे, पिशवी त्यांची, दिंडीत ओळखही त्यांचीच, "अमक्याचा पोरगा" एवढंच.

आणि डोकं अर्धं भलतीकडं. एक मित्र ऑडिओ सिरीज लिहितोय, फँटसी, म्हणजे राज्यच मुळात त्याच्या डोक्यातलं, नद्या त्याच्या, देव त्याचे, शिव्यासुद्धा त्यानंच बनवलेल्या. त्या राज्यात नवी राणी गादीवर बसायच्या आधी डोंगरातल्या गडावरून समुद्रापर्यंत पायी येते, गावोगावची माणसं तिच्या मागं, आणि त्या सगळ्या वाटेवर जे वाजतं ते करायचं काम माझ्याकडं. मी मोठे ढोल, कोरस, ब्रास असं सगळं ठासून ड्राफ्ट पाठवला. त्याचं उत्तर आलं, "भारी आहे रे, पण हे कुठल्याही मोबाईल गेमच्या जाहिरातीला लागेल." सासवडपर्यंत मी मनातल्या मनात त्याला त्याच्याच राज्यातल्या शिव्या देत होतो.

बाकी चिडचिड भरपूर. काळी पाच म्हणजे चांगली उंच पट्टी, तिच्या खाली कुणी गायला तयार नाही, माझा आवाज दुसऱ्याच दिवशी बसला. वाटेत केळी वाटणारे पुण्य घेऊन जातात, साली आपल्या पायाखाली. शेजारच्या दिंडीचा अभंग वेगळा, चाल वेगळी, मधल्या पट्ट्यात चालणाऱ्याला दोन्ही ऐकू येतात आणि टाळ नक्की कुणाच्या ठेक्यावर मारायचा कळत नाही. स्टुडिओत क्लिकवर, म्हणजे कानातल्या ठरलेल्या ठोक्यावर, काम करायची सवय असलेल्या माणसाला हा छळ आहे. पुढचे टाळकरी ओळ सोडतात, मागचे उचलतात, तोपर्यंत अंतरामुळं अर्धी मात्रा सरकलेली असते, आणि तरी कुणाचं काही अडत नाही, पावली चालू. मग एखाद्या चढावर कधीतरी लक्षात येतं की गेला तासभर आपण राणीचा विचारच केला नाही, तोंडात नुसतं ज्ञानोबा माउली तुकाराम चाललंय आणि डोळ्यात पाणी का आलंय काही कळत नाही. पुढच्या मिनिटाला कुणीतरी सेल्फीसाठी मध्ये उभं राहतं, संपलं.

बरडच्या पुढं, नातेपुत्याच्या वाटेवर पाऊस गायब आणि ऊन असं की डांबर चपलेला चिकटतंय. आदल्या दिवशी भिजलेली चप्पल वाळून कडक झालेली, उजव्या टाचेला फोड होताच, तो लिंबाएवढा झाला. मी रांगेतून बाहेर पडलो आणि बाभळीखाली बसलो. हरिपाठ चालू होता, बसल्या बसल्या म्हणायचा प्रयत्न केला, पण फोड ठणकायला लागला की ओळ चुकायची.

कुठल्यातरी दुसऱ्याच दिंडीतली एक आजी, परभणीकडची, डोक्यावरचं तुळशीवृंदावन सोबतच्या बाईकडं देऊन माझ्यासमोर येऊन बसली. "दाव पाय." मी नको नको म्हणेपर्यंत तिनं पायाला हात लावून कपाळाला लावला, माउली म्हणाली, आणि मला कुठं तोंड लपवू झालं. मग कमरेच्या पिशवीतनं सुई काढली, पांढरा दोरा ओवला, खोबरेल तेलाच्या बाटलीत दोऱ्याचं टोक बुडवलं. "बोंबलू नको." सुई फोडाच्या या कडेनं आत, त्या कडेनं बाहेर, दोरा दोन्हीकडनं बोटभर लोंबता ठेवून कापला. पाणी हळूहळू दोऱ्यावरनं उतरायला लागलं. कातडं काढायचं नाही, दोरा उपसायचा नाही, आपोआप गळंल. डॉक्टर लोक याला काय म्हणतील माहिती आहे, पण अख्ख्या वारीत हाच इलाज चालतो.

"काय काम करतोस लेकरा?"

गाणी करतो म्हणालो.

"कोणत्या देवाची?"

देवाची नाही, एका राणीची, पण ती खरी नाही, राज्यच खोटं आहे, असं काहीतरी मी बरळलो. तिला त्याचं काहीच नवल वाटलं नाही. सुई पदराला पुसत म्हणाली, "मंग तिच्यामागं चालतंय कोण?"

वृंदावन डोक्यावर घेतलं आणि गेली. नाव विचारायचं राहिलं. मी कोरसमध्ये चाळीस आवाजांचे थर लावले होते, त्यातला एकही माणूस कुठल्या गावचा, कशाला आलाय, मला सांगता आलं नसतं.

संध्याकाळच्या समाजआरतीला लंगडत गेलो. नातेपुतं असावं, तळ सगळे सारखेच दिसतात. पालखीभोवती सगळ्या दिंड्या उभ्या, टाळांचा नुसता कल्लोळ, आणि चोपदारांनी चोप, म्हणजे हातातला दंड, वर केला की एका झटक्यात सगळं बंद. एवढं तर बाबांनी लहानपणापासून सांगितलेलं. त्या दिवशी मात्र एका कोपऱ्यात टाळ थांबेनात. तक्रार आहे म्हणून वाजवतायत. चोपदार तिकडं गेले, कळलं की कुणाचा तरी ट्रक त्यांच्या राहुटीच्या जागेत येऊन उभा राहिलाय. बोलणं झालं, निवाडा झाला, मग त्यांचे टाळ थांबले. पुढं हरवल्या-सापडल्याचा पुकारा, उद्या निघायची वेळ, आणि मग आरती. माउलींच्या पालखीसमोर हजारो माणसं गप्प उभी आणि एक दिंडी ट्रकसाठी टाळ बडवतेय, आणि यात कुणालाच अवघडल्यासारखं होत नाही. मला हसूही येत होतं आणि छातीत काहीतरी दाटूनही आलेलं.

रात्री राहुटीत मोबाईलवर राणीची रचना पुन्हा मांडली. ढोल गेले, ब्रास गेलं. प्रत्येक गावाचा आपापला टाळ, आपापली चाल, एकमेकांवर सांडणारी. समुद्राकाठी राणी काठी उचलते, सगळं थांबतं, आणि ज्या गावाचं गाऱ्हाणं आहे ते वाजवत राहतं. ते ऐकून घेतल्याशिवाय तिला बसता येत नाही. तो भाग लिहायचाच नाही, लांबी मोकळी.

वेळापूर, भंडीशेगाव, वाखरी कसं गेलं आठवत नाही. पंढरपुरात रांग बघून कळसालाच हात जोडले, बाबांना व्हिडिओ कॉल केला, त्यांनी आधी टाळ नीट आहेत का ते विचारलं.

मित्राला नवी मांडणी पाठवली. त्याला आवडली, फक्त किती मिनिटांची ते हवंय. म्हटलं, गाऱ्हाण्यावर आहे. तो म्हणतो एपिसोड बावीस मिनिटांचा आहे, तुझ्या गावाला दीड मिनिटात गप्प कर. अजून भांडण चालू आहे.