जादूची पाठशाळा रचताना आधी पाठांतर बसवा

कथेसाठी किंवा फाशांवर चालणाऱ्या भूमिका-खेळासाठी काल्पनिक जग रचणारे बहुतेक जण जादूचं विद्यापीठ उभं करताना मनोरे, झगे आणि कांड्यांपासून सुरुवात करतात. मग तिथे शिकवतात काय, हे विचारलं की गाडी अडते. विद्वानांची जादू हवी असेल तर एकच प्रश्न धरून बसा: मंत्र पिढ्यान्‌पिढ्या चुकीशिवाय टिकवायचा कसा? परीक्षा, शिक्षा, पदं, भांडणं सगळं त्यातूनच निघतं.

नमुना शोधायला सातारा जिल्ह्याबाहेर जायला नको. वाईत प्राज्ञपाठशाळा आहे, तिथेच धर्मकोशाचं, म्हणजे धर्मशास्त्रातली वचनं एकत्र लावणाऱ्या ग्रंथमालेचं, काम उभं राहिलं आणि लक्ष्मणशास्त्री जोशींच्या (१९०१–१९९४) संपादनाखाली मराठी विश्वकोशही. पाठशाळा आणि कोश या दोन खांबांवर आपली काल्पनिक शाळा आरामात उभी राहते.

आधी पाठांतर. वेद तोंडपाठ म्हणणाऱ्या वेदपाठींची पद्धत जशीच्या तशी उचला. समजा मंत्र चार शब्दांचा आहे: पाणी, थांब, वळ, निघ. पदपाठात शब्द सुटे म्हणायचे. क्रमपाठात जोड्या: पाणी थांब, थांब वळ, वळ निघ. जटापाठात प्रत्येक जोडी सुलट, उलट, पुन्हा सुलट: पाणी थांब, थांब पाणी, पाणी थांब. घनपाठात तिसरा शब्दही ओढायचा: पाणी थांब, थांब पाणी, पाणी थांब वळ, वळ थांब पाणी, पाणी थांब वळ. एका गटात तेरा शब्द. शेवटच्या जोडीला तिसरा शब्द नसतो, म्हणून तिथे जटेचे सहाच. हिशेब केला तर वीस शब्दांचा मंत्र घनात २४० शब्दांचा होतो. सेकंदाला एक शब्द धरला तरी चार मिनिटं! म्हणजे घन लढाईसाठी नाही, तपासणीसाठी. (संधीचे आणि ‘इति’चे बारकावे इथे सोडलेत. खेळात ते आणले तर खेळाडू पळून जातील.)

विद्यार्थ्याने मधला एखादा शब्द गाळला तर दोन्ही बाजूंच्या जोड्या लंगड्या पडतात आणि चूक जागच्या जागी सापडते. गुरूनेच चुकीचा शब्द शिकवला असेल तर मात्र घनही तो इमानेइतबारे जपतो. म्हणून एकाच मंत्राच्या निदान दोन शाखा, म्हणजे वेगळ्या गुरुपरंपरा, ठेवा आणि अधूनमधून त्या समोरासमोर बसवा. आपलाच पाठ शुद्ध म्हणून दोन्ही शाखा हटून बसल्या की कथानक आयतं मिळतं.

बहुतेकांचं एक गणित इथे चुकतं. मंत्र उच्चारला की लागू होत असेल, तर सराव करणारा वर्ग पहिल्याच दिवशी बुडेल. नियम असा करा: सुटी पदं निरुपद्रवी, शब्दांचा संधी होऊन अखंड संहिता म्हटली तरच मंत्र पेटतो. नवशिक्यांना वर्षभर पदपाठच. संधी शिकवणाऱ्या शास्त्रीबुवांच्या खोलीला मात्र दगडी भिंती हव्यात.

स्वराची, म्हणजे उच्चारातल्या चढ-उताराची, चूक स्वतंत्र ठेवा. वैदिक कथेत त्वष्टा या देवाने इंद्राला मारणारा मुलगा मागितला, पण ‘इंद्रशत्रु’ शब्दावरचा स्वर चुकला आणि इंद्रच त्या मुलाचा मारेकरी ठरला. चुकलेला मंत्र नुसता फुसका जात नाही, उलटतो. फाशांवर सगळ्यात कमी आकडा आला की हाच निकाल लावा.

आता लिखाण. मंत्र बाळबोधीत (म्हणजे देवनागरीत), हिशेब मोडीत, ही शिस्त कडक हवी. मोडी भरभर लिहिता येते, पण तिच्यात इकार-उकारांचा ऱ्हस्व-दीर्घ भेद नसतो. ‘सूत बांध’ असा मंत्र चोरून मोडीत उतरवला, तर वाचणारा ‘सुत बांध’ म्हणेल आणि धाग्याऐवजी स्वतःचा मुलगाच जखडेल. शाई काजळी आणि बाभळीच्या डिंकाची. डिंक जास्त झाला तर अक्षराला तडे जाऊन पोपडे निघतात, कमी पडला तर काजळी बोटाला लागते. पावसाळ्यात पोथी उघडायची नाही, हा नियम घालाच. चुकलेल्या अक्षरावर हरताळ या खनिजाचा पिवळा लेप देऊन वर पुन्हा लिहायचं, ही जुनी खरी रीत. हरताळ विषारी असतो. त्याखालचं मूळ अक्षर अर्धवट जिवंत राहतं असं ठरवलंत, तर लेप खरवडणारे चोर लगेच पैदा होतील.

द्वंद्वासाठी न्यायशास्त्र, म्हणजे आपलं जुनं तर्कशास्त्र, घ्या. वादात दोघांनाही सत्य हवं असतं, जल्पात जिंकणं, आणि वितंडेत स्वतःचं काहीच न मांडता समोरच्याचं पाडणं. वैतंडिक हे पात्र खेळात फार रंगतं: कुणाचाही मंत्र तोडेल, स्वतः दिवा लावू शकणार नाही. तोडायचं कसं, तर प्रतिज्ञा, हेतू, उदाहरण, उपनय, निगमन या युक्तिवादाच्या पाच पायऱ्यांतल्या हेतूवर, म्हणजे दिलेल्या कारणावर, बोट ठेवून. बाकीच्या चारांवरचा हल्ला मी तरी कमी गुणांचा धरतो.

शेवटी कोश. मंत्राचे सगळे पाठ गोळा करून काळाच्या क्रमाने लावणारी कचेरी हीच शाळेची खरी सत्ता, कुलगुरू नव्हे. कोश अकारविल्हे, म्हणजे वर्णक्रमाने, निघतो हे विसरू नका. ‘ग’पर्यंतचे खंड छापून झाले असतील, तर गारपिटीचा मंत्र सगळीकडे एकच आणि जलस्तंभाचे, म्हणजे पाणी थांबवण्याच्या मंत्राचे, मात्र गावोगाव वेगळे पाठ. ‘ज’चा खंड निघेपर्यंत नदीकाठची नावाडी मंडळी आपलाच पाठ चालवणार, आणि कचेरीतला कुणीतरी त्यांच्याकडून पैसे घेऊन तो खंड लांबवणार.