साउंडबार घेताय? धमक नंतर बघा, आधी डायलॉग ऐका

आमच्याकडे टीव्हीचा आवाज तीसच्या पुढे गेला की समजायचं आई मालिका बघतेय. तिची तक्रार आवाज कमी असल्याची नसतेच मुळी, "हे लोक पुटपुटतात काय तेच कळत नाही आणि म्युझिक आलं की कानठळ्या" ही असते. आता हीच आई इथे इंदूरात सानंद संस्थेच्या नाटकाला जाते तेव्हा एक वाक्य सोडत नाही, घरी येऊन नकला करून दाखवते. म्हणजे कान ठीकठाक आहेत, घोळ टीव्हीचा आहे. म्हणून साउंडबार, म्हणजे टीव्हीसमोर ठेवायचा लांबट स्पीकर, बघायला निघालो. बजेट सात हजाराच्या आसपास, टीव्ही ४३ इंची, हॉल बारा बाय दहाचा, राजेंद्र नगरातला जुना फ्लॅट. पुढचं सगळं ह्याच हिशोबाने वाचा, कुणाचा तीस फुटी हॉल असेल तर माझं काही ऐकू नका.

टीव्हीचा आवाज असा का येतो ते आधी. पडदा बोटभर जाडीचा झाला, मग स्पीकर ठेवायचे कुठे, तर खाली तोंड करून किंवा मागे. आवाज आधी टेबलावर नाहीतर भिंतीवर आपटतो आणि मग आपल्यापर्यंत येतो. त्यात आपण जे ओटीटीवर बघतो ते बरंचसं ५.१ चॅनलसाठी, म्हणजे पाच स्पीकर आणि बेसचा एक डबा धरून, मिक्स केलेलं असतं, डायलॉग बहुतेक मधल्या चॅनलमध्ये, म्युझिक आणि बाकी गोंधळ आजूबाजूला. टीव्ही ते सगळं दोन छोट्या स्पीकरमध्ये कोंबतो आणि त्या गर्दीत बोलणं दबतं. वर आपल्या बोलण्यात स्वरांना जोर असतो, ते खालच्या आणि मधल्या पट्टीत असतात, पण शब्द ओळखू येतो तो व्यंजनांवरून, आणि स, श, फ, थ ही मंडळी नाजूक आणि वरच्या पट्टीतली, साधारण दोन हजार हर्ट्झच्या पुढची. वय झालं की कानाची वरचीच पट्टी आधी उतरते. म्हणून आवाज वाढवला की फक्त आरडाओरडा वाढतो, शब्द काही उघडत नाहीत.

आता दुकान. जेल रोडला दोन-चार ठिकाणी फिरलो, सगळीकडे एकच कार्यक्रम, बेस फुल करून कुठलं तरी ठोकणारं गाणं आणि वर "भिया, बेस देखो आप, कांच हिल जाएगी". काच हलत होती, खोटं नाही. मी म्हटलं जरा न्यूज चॅनल लावा. त्याने माझ्याकडे असं बघितलं की जणू मी सराफ्याच्या खाऊगल्लीत जाऊन उकडलेली भाजी मागितली. पण न्यूज लावल्यावर अर्ध्या मिनिटात फरक कळला, ज्या बारवर गाणं सगळ्यात भारी वाजत होतं त्याच्यावर न्यूजवाली बाई तोंडावर उशी धरून बोलतेय असं वाटत होतं. दुसऱ्या एका बारवर गाणं जरा कमी दणकत होतं पण बोलणं मोकळं होतं, शब्दन् शब्द सुटा. तोच घेतला.

तुम्ही जाल तेव्हा फोनमध्ये आपल्या दोन क्लिप घेऊन जा. एक अशी की दोन माणसं हळू बोलतायत आणि मागे म्युझिक आहे, आणि दुसरी क्रिकेटची. माझी ठरलेली क्लिप म्हणजे सेहवागचे २१९, ८ डिसेंबर २०११, आपलं होळकर स्टेडियम, समोर वेस्ट इंडिज. पब्लिकचा गोंगाट इतका की त्यात कॉमेंट्री नीट ऐकू आली तर बार पास. (आणि नाही आली तरी बॅटिंग बघायला मिळतेच.)

वॉटचं प्रकरण आता. बॉक्सवर मोठ्या अक्षरात १२० वॉट आरएमएस, म्हणजे सतत देता येणारी ताकद. घरी आल्यावर अ‍ॅडाप्टर उलटा करून बघितला, बारीक अक्षरात आउटपुट १८ व्होल्ट, ३ अँपिअर. गुणा आता, ५४ वॉट. ज्याला आत ५४ वॉट मिळतायत तो बाहेर सतत १२० देईल कसा, एखाद्या क्षणाला झटका देत असेल तो भाग वेगळा. टेपरेकॉर्डरच्या जमान्यात पीएमपीओ (क्षणभराची कमाल ताकद) नावाने हजार-हजार वॉट छापायचे, त्याचीच ही सभ्य आवृत्ती. पण ह्याचं टेंशन घ्यायची गरजही नाही, कारण वॉट दुप्पट झाले की आवाज फक्त तीन डेसिबल वाढतो, कानाला दुप्पट मोठा वाटायला साधारण दहापट ताकद लागते. म्हणजे साठ वॉटचा आणि एकशेवीसचा ह्यात बारा बाय दहाच्या खोलीत काही पडलेलं नाही. दुकानदार वॉटवरून हजार-दीड हजार जास्त मागत असेल तर सरळ नाही म्हणा.

सबवूफर, म्हणजे बेस वाजवणारा वेगळा डबा. इथे जरा थांबतो कारण सगळी गंमत आणि सगळा झमेला ह्याच डब्यात आहे. लोक म्हणतात बेसचा आवाज कुठून येतो ते कळत नाही, त्यामुळे सबवूफर कुठेही ठेवा, सोफ्यामागे ठेवा. हे खरं आहे पण ८० हर्ट्झच्या खाली. बजेट बारमध्ये काय होतं की खुद्द बारमध्ये दोन-सव्वादोन इंचाचे स्पीकर असतात, ते खाली उतरूच शकत नाहीत, दीड-दोनशे हर्ट्झलाच दम सोडतात. मग मधली जागा सबवूफर भरतो. आणि पुरुषाच्या आवाजाचा पाया असतो साधारण ८५ ते १८० हर्ट्झ. हिशोब लागला का? म्हणजे न्यूज वाचणाऱ्या माणसाचं तोंड टीव्हीत आणि पोट कोपऱ्यात. मी आधी सबवूफर बाल्कनीच्या दाराजवळ ठेवून बघितला, जागा तिथेच मोकळी होती, तर प्रत्येक बाप्याचा आवाज अर्धा समोरून अर्धा डावीकडून, बायको म्हणाली "हा माणूस पडद्यामागून बोलतोय का रे?" टीव्हीच्या टेबलाशेजारी, बारपासून दोन फुटांवर आणला आणि आवाज परत माणसाच्या तोंडात गेला. वायरवाल्या सबवूफरची वायर तशीही आखूड येते, तो तोटा नाही, त्याच निमित्ताने डबा जागेवर राहतो.

कोपऱ्यात अगदी चिकटवू पण नका. भिंतीजवळ बेस वाढतो, दोन भिंतींच्या कोपऱ्यात अजून वाढतो आणि नुसता घुम्म घुम्म होतो. खोलीची पण स्वतःची एक घुमायची पट्टी असते, बारा फुटांच्या खोलीत ती साधारण ४७ हर्ट्झला आणि दहा फुटांच्या बाजूने ५६ ला पडते. त्यामुळे एका जागी बसलं की बेस छाती दाबतो आणि दोन फूट सरकलं की गायब. एक जुनी युक्ती आहे, सबवूफर चक्क सोफ्यावर आपल्या बसायच्या जागी ठेवायचा, गाणं लावायचं आणि जमिनीवर रांगत फिरायचं, जिथे बेस साफ ऐकू येईल ती सबवूफरची जागा. मी रांगलो. त्याच वेळी कामवाल्या मावशी आल्या, काही बोलल्या नाहीत, किचनमध्ये गेल्या.

डबा किती खाली उतरतो म्हणाल तर यूट्यूबवर टोन लावून बघितलं, पन्नासच्या खाली नुसता वारा मारतो. चालतं. टीव्हीसाठी तेवढं पुरे आहे, आणि डग्ग्यावरची घसीट, जी टीव्हीच्या स्पीकरवर फक्त "टक" अशी ऐकू यायची, ती आता गोल ओढली जाताना ऐकू येते, तेव्हा मला पैसे वसूल झाल्यासारखं वाटलं. सबवूफरचा अजून एक फायदा कुणी सांगत नाही. जड काम तो घेतो म्हणून बारमधले बारके स्पीकर मोकळे राहतात आणि बोलणं जास्त साफ येतं. पण म्हणून बेस फुल ठेवायचा नाही. मी मधल्या आकड्यापेक्षा तीन पायऱ्या खाली ठेवलाय, ट्रेबल दोन वर. पोह्यावर शेव बदाबदा ओतली की पोहे लागतच नाहीत, तेच. शिवाय खालच्या मजल्यावर भाभी राहतात, त्यांचा मुलगा बारावीला आहे, त्यामुळे डब्याखाली जुन्या योगा मॅटचा तुकडा कापून टाकलाय. स्लॅबमध्ये जाणारी थरथर त्याने थोडी कमी होते, भिंतीतून जाणारा बेस मात्र मॅटने अडत नाही, त्याला रात्री आवाज कमी करणे हाच उपाय.

जोडणी. ब्लूटूथने टीव्ही जोडू नका, आवाज एक-दोन दशांश सेकंद मागे पडतो, ओठ आधी हलतात, शब्द नंतर येतात, बॅट आधी लागते, टक नंतर. गाण्यांसाठी फोन जोडायला ठीक आहे. ऑप्टिकल, म्हणजे प्रकाशातून आवाज नेणारी केबल, चांगली, तोशिबाने १९८३ मध्ये सीडी प्लेअरसाठी काढलेली ही अजून काम देते, पण तिच्यातून रिमोटचे हुकूम जात नाहीत, म्हणजे आईच्या हातात अजून एक रिमोट. एचडीएमआय एआरसी, म्हणजे टीव्हीचा आवाज एचडीएमआय केबलनेच बारकडे पाठवायची सोय, सगळ्यात बरं. २००९ मध्ये एचडीएमआय १.४ बरोबर हे आलं, टीव्हीच्या एकाच पोर्टवर बारीक अक्षरात एआरसी लिहिलेलं असतं, केबल तिथेच लावायची, बाकीच्या पोर्टात लावली तर टीव्हीचा आवाज बारमध्ये येणार नाही. मग सेटिंगमध्ये जाऊन सीईसी चालू करा. कंपन्यांनी नावं वेगळी ठेवलीत, सॅमसंगमध्ये एनीनेट प्लस, एलजीत सिंपलिंक, सोनीत ब्राव्हिया सिंक. ते चालू झालं की टीव्हीच्याच रिमोटने बारचा आवाज कमी-जास्त होतो, टीव्ही लावला की बार आपोआप उठतो. आईला काही शिकवावं लागलं नाही.

एक बारीक गोष्ट, टीव्हीच्या ऑडिओ आउटपुटला "ऑटो" असेल तर प्रोग्रॅम डॉल्बी आणि जाहिरात साधी, असं बदललं की बार क्षणभर गप्प होतो आणि पहिला शब्द खातो. पीसीएम, म्हणजे साधा डिजिटल आवाज, करून टाका. २.१ चॅनलच्या (डावा, उजवा आणि सबवूफर) बारवर त्याने तोटा जवळपास काही नाही, आणि शब्द खाणं बंद. बॉक्सवर डॉल्बीचं स्टिकर आहे म्हणून सराउंड मिळेल असं समजू नका, त्याचा अर्थ तो सिग्नल ह्याला वाचता येतो, एवढाच.

मोड पाच आहेत, कामाचा एक, न्यूजवाला. तो बेस कापून मधली पट्टी उचलतो आणि आई आता कायम त्याच्यावरच असते, टीव्ही अठराच्या वर जात नाही. थ्रीडी नावाचा मोड लावून लताबाईंचं जुनं गाणं ऐकलं, १९२९ चा इंदूरचा जन्म त्यांचा, म्हणजे आमच्या गावच्या, आणि तो आवाज बरोबर मधून यायला पाहिजे, ती रेकॉर्डिंग मोनो आहेत. मोडने त्याला असा फासला की बाई दोन्ही भिंतींतून गायला लागल्या. बंद केलं ते परत लावलं नाही.

खटकलेलं पण सांगतो. डिस्प्ले नाही, एकच दिवा रंग बदलतो, निळा ब्लूटूथ, हिरवा ऑप्टिकल, पांढरा एचडीएमआय, पाठ करा. इनपुट बदलला की आतली एक बाई मोठ्याने इंग्लिशमध्ये घोषणा करते आणि तिचा आवाज कमी करायची सोय नाही, रात्री अकराला हे फार भारी पडतं. रिमोट इतका हलका की सोफ्याच्या फटीत गेला की गेलाच. आणि घ्यायच्या आधी टीव्हीच्या पायांची उंची मोजा, बार साधारण साडेसहा सेंटीमीटर उंच आहे, आमच्या टीव्हीचे पाय त्याच्यापेक्षा बुटके, त्यामुळे रिमोटचा सेन्सर झाकला गेला. सुताराकडून टीव्हीखाली पाऊण इंची प्लायची पट्टी करून घेतली. भिंतीवर टीव्ही असेल तर हा प्रश्न नाही.

गाणी ऐकणं हेच मुख्य असेल तर ह्याच पैशात दोन वेगळे स्पीकर घ्या, ह्या बारमध्ये डावं-उजवं जेमतेम हातभर अंतरावर आहे, मैफल काही पसरत नाही. बॉक्समध्ये एचडीएमआय केबल येत नाही, ती लगेच घेऊन टाका, एआरसीला साधी हाय-स्पीड केबल चालते, महागाची गरज नाही. ऑप्टिकल वापरणार असाल तर तिच्या दोन्ही टोकांना पारदर्शक प्लास्टिकची टोपी असते, ती काढून मग लावा.