बेपत्ता नवऱ्याची चार वर्षं

मंगळवार, रात्री

गेले काही दिवस एकच प्रश्न डोक्यातून जात नाही. नवरा बेपत्ता झाला. मेला म्हणावं तर मयत नाही, जिवंत म्हणावं तर खबर नाही. बायकोने किती थांबायचं? कुरआनात विधवेची इद्दत, म्हणजे पुन्हा लग्न करण्याआधी थांबायची मुदत, स्पष्ट सांगितली आहे, चार महिने दहा दिवस. पण आपण विधवा आहोत की नाही हेच जिला ठाऊक नाही तिच्यासाठी तिथे थेट हुकूम नाही. म्हणून अगदी पहिल्या पिढीपासून यावर मतभेद आहेत. कोर्टाची कामं आटोपली की मी रोज रात्री तेच वाचत बसते.

खलिफा उमर यांच्यापुढे असं प्रकरण आलं तेव्हा त्यांनी सांगितलं, चार वर्षं वाट पाहा, मग विधवेसारखी इद्दत पाळ, मग तू मोकळी. एका प्रकरणात तर नवरा नंतर परत आला. जिन्नांनी उचलून नेलं होतं म्हणाला. उमरनी त्याला विचारलं, बायको परत हवी की निकाहात दिलेली रक्कम, मेहेर? हजरत अलींच्या नावे मात्र वेगळं मत नोंदलेलं आहे. ही त्या बाईची परीक्षा आहे, मृत्यूची किंवा तलाकची पक्की खबर येईपर्यंत तिने सबर करावा. दोघंही पैगंबरांच्या अगदी जवळचे. दोघांपैकी कुणाच्याही निष्ठेबद्दल शंका घेता येत नाही, तरी एकाच बाईला दोघं दोन उत्तरं देतात.

मदिनेच्या इमाम मालिकांनी उमरचं मत धरलं. कुफेच्या अबू हनीफांनी दुसरी बाजू धरली आणि तिला तर्काची बैठक दिली. निकाह झाला हे खात्रीचं, नवरा मेला हा नुसता संशय, आणि संशयाने खात्री मोडत नाही. म्हणून त्याच्या बरोबरीची माणसं मरून जाईपर्यंत तो जिवंतच धरायचा. हनफी, म्हणजे अबू हनीफांना मानणाऱ्यांच्या, ग्रंथांत मग त्याच्या वयाचे आकडे येतात. कुणी 120 वर्षं म्हणतं, कुणी 100, कुणी 90. म्हणजे तिसाव्या वर्षी माणूस हरवला तर बायकोने यांतल्या सर्वांत सौम्य मताप्रमाणेही साठ वर्षं थांबायचं. युक्तिवाद म्हणून पाहिलं तर यात बोट ठेवायला जागा नाही. हरवलेल्या माणसाची मालमत्ता वारसांनी घाईने वाटून घेऊ नये यासाठी हाच नियम फार चांगला आहे. पण शेत थांबू शकतं. बाई जेवते, तिला लेकरं असतात, ती म्हातारी होते.

मला सर्वांत जास्त विचारात पाडतात ते इमाम शाफई. बगदादेत असताना त्यांचं मत होतं, चार वर्षं. पुढे इजिप्तला गेले, तिथे आपल्या बऱ्याच मतांचा त्यांनी फेरविचार केला, आणि याबाबतीत म्हणाले, नाही, खात्री होईपर्यंत थांबावं. इसवी सन 820 मध्ये ते तिकडेच वारले. शाफई ग्रंथांत त्यांची जुनी मतं आणि नवी मतं अशी दोन्ही जपून ठेवलेली आहेत, बहुतेक ठिकाणी नवं मत चालतं. शरियत समजून घेण्याच्या चार सुन्नी परंपरा, म्हणजे मजहब; आम्ही कोकणी मुसलमान त्यांच्याच मजहबचे. माहीमचे मखदूम अली माहिमी (1372–1431), ज्यांनी अरबीत कुरआनावर भाष्य लिहिलं, तेही शाफई. इमामांनी आधीचं मत बदललं नसतं तर कोकणच्या खाड्यांवरच्या किती बायकांचं आयुष्य वेगळं झालं असतं, हे मनात आल्यावाचून राहत नाही.

गुरुवार

हे मी उगाच म्हणत नाही. रत्नागिरीच्या किनाऱ्यावरची माणसं पिढ्यान् पिढ्या इंग्रजांच्या आगबोटींवर खलाशी म्हणून गेली. दुसऱ्या महायुद्धात बोटी बुडाल्या. कुणाच्या घरी तार आली, कुणाच्या घरी काहीच आलं नाही. नानी सांगायची, तिच्या मोहल्ल्यातली एक बाई काकणं न उतरवता म्हातारी झाली. सासरचे वाईट नव्हते. जमातीने तिला धान्य दिलं, ईदला कपडे दिले. पण तू मोकळी आहेस, हे तिला कुणी सांगितलं नाही.

बेपत्ता नवऱ्याच्या बायकोला चार वर्षांनी मोकळं करणारा कायदा तेव्हा झालेला होता. ती वाट पाहू लागली त्याच्याही आधी. याचा मला फार त्रास होतो.

शनिवार

आज तो कायदा कसा झाला ते नीट लिहून काढते, कारण मला वाटतं आपल्याकडे ही हकिगत फार कमी लोकांना माहीत आहे.

हिंदुस्थानात बहुसंख्य मुसलमान हनफी. नवरा बेपत्ता असो, पोटाला घालत नसो, मारझोड करत असो, हनफी फिकहमध्ये, म्हणजे धर्मशास्त्रात, बाईला काझीकडून निकाह मोडून घ्यायला जवळजवळ वाटच नव्हती. खर्च देत नसेल तर त्याच्या नावावर कर्ज काढ, असा सल्ला ग्रंथ देतात. एक दार मात्र उघडं होतं. धर्म सोडला की निकाह तुटतो, असं हनफींचं प्रचलित मत, आणि इंग्रजांची कोर्टंही ते मानत. मग पंजाबात बायका कोर्टात येऊन सांगू लागल्या, मी इस्लाम सोडला. कवी इक्बालांनीही आपल्या इंग्रजी व्याख्यानांत या गोष्टीकडे बोट दाखवलं. ज्या नियमांनी धर्म राखायचा, त्यांनीच बायकांना धर्माबाहेर ढकललं होतं.

हे मनाला लावून घेणारा माणूस कोण, तर उत्तर प्रदेशातल्या थानाभवनचे मौलाना अशरफ अली थानवी. सुधारक म्हणून त्यांना कुणी ओळखत नाही. बायकांनी कसं वागावं याबद्दलची त्यांची मतं मला कितीतरी ठिकाणी पटत नाहीत. पण 1930 च्या दशकाच्या सुरुवातीला या पक्क्या हनफी आलिमाने, म्हणजे धर्मपंडिताने, ‘अल-हीला अन-नाजिझा’ नावाचा मोठा फतवा सिद्ध केला. त्यासाठी मदिनेच्या मालिकी मुफ्तींना पत्रं पाठवून त्यांची मतं मागवली. त्यांचा युक्तिवाद असा की आपल्याच मजहबच्या बुजुर्गांनी सांगून ठेवलंय, निकड असेल तर दुसऱ्या इमामाचं मत घेता येतं. मग बेपत्ता नवऱ्यासाठी मालिकांची चार वर्षं घ्या. पण घ्यायची तर त्यांच्या सगळ्या अटींसकट घ्या, इकडून एक तिकडून एक सोयीचं उचलू नका. आणि दुसरीकडे बल्ख आणि समरकंदच्या जुन्या हनफी आलिमांचं मत पुढे आणून त्यांनी ते उघडं दार बंद केलं. धर्म सोडल्याने निकाह तुटत नाही.

त्या पायावर 1936 मध्ये मध्यवर्ती कायदेमंडळात काझी मुहम्मद अहमद काझमींनी विधेयक मांडलं आणि 1939 चा आठवा कायदा झाला, मुस्लिम विवाह विच्छेद कायदा. चार वर्षं ठावठिकाणा नाही, दोन वर्षं खर्च दिला नाही, सात वर्षांची शिक्षा झाली, छळ केला, अशी कारणं त्यात आहेत. विधेयकाच्या उद्देशातच लिहिलं होतं की हनफी नियमाने हाल होत असतील तर मालिकी, शाफई किंवा हंबली नियम लावायला हनफी आलिमांची हरकत नाही. चौथ्या मजहबाचं, हंबलींचंही नाव आहे, हे मला आवडतं. त्याआधी 1917 मध्ये पहिल्या महायुद्धात माणसं गमावलेल्या उस्मानी तुर्कांनीही आपल्या कौटुंबिक कायद्यात हीच तऱ्हा वापरली होती.

1955 च्या हिंदू विवाह कायद्यात बेपत्ता जोडीदारासाठी सात वर्षं आहेत. मुसलमान बाईला चार. कोर्टाच्या बाररूममध्ये हे सांगितलं की चांगले वकीलही मान वर करून बघतात.

कायदा बदलायचा तर शरियतच्या बाहेर जावं लागतं, असं एका बाजूने सांगतात. शरियत एकच आहे, तिला हात लावता येत नाही, असं दुसऱ्या बाजूने. दोघांनीही चार मजहब असण्याचा अर्थ लक्षात घेतलेला नाही. तेराशे वर्षं जपून ठेवलेला मतभेद नसता तर थानवींनी मदिनेला पत्र कुणाला लिहिलं असतं? आणि हेही तितकंच खरं की मतभेद आयता पडून होता. तो कामाला यायला बायकांना कोर्टात उभं राहून धर्म सोडावा लागला. आलिमांना घाई झाली ती त्यांच्यामुळे. कायद्याच्या इतिहासात त्यांची नावं नाहीत, माझ्या लेखी पहिलं श्रेय त्यांचं.

सोमवार

आज एका अशिलाने विचारलं, “वकीलबाई, कोर्ट सोडवील हो. पण अल्लाहसमोर माझा निकाह सुटेल का?” आखातात गेलेला तिचा नवरा, फोन बंद, पैसे बंद.

हा प्रश्न वेडगळ नाही. 1939 ला यावरूनच वाद पेटला होता. मूळ विधेयकात अट होती की असे दावे मुसलमान न्यायाधीशापुढेच चालावेत. ती गाळली गेली आणि ज्या उलेमांनी विधेयकाला बळ दिलं होतं तेच नाराज झाले. थानवींच्या फतव्यात मुसलमान न्यायाधीश नसेल तर दीनदार मुसलमानांच्या पंचायतीने निर्णय द्यावा अशी मालिकी तोडही होती. आजही काही मौलवी सांगतात, कोर्टाचा हुकूमनामा हा शरई फसख, म्हणजे शरियतप्रमाणे निकाह मोडणं, नाही. मग बाई कागदावर मोकळी आणि मोहल्ल्यात बांधलेली.

माझं मत मी तिला सांगितलं. काझी मुसलमान असावा ही अट घालताना फुकहांना, म्हणजे धर्मशास्त्र्यांना, हवा होता तो शरियत जाणणारा आणि न्याय करणारा माणूस. इथे चार वर्षांचा नियम मालिकींकडून आलेला आहे. नवऱ्याच्या वारसांना नोटीस जाते, म्हणजे शोधाशोध होते. हुकूमनाम्यानंतर सहा महिने तो अमलात येत नाही, तेवढ्यात नवरा येऊन संसार करायला तयार असल्याची कोर्टाची खात्री पटवू शकला तर हुकूमनामा रद्द होतो. मालिकी आलिमांनी ज्या काळजीपोटी अटी घातल्या ती काळजी इथे घेतलेली आहे. पण मी वकील आहे, आलिम नाही, आणि तिचा प्रश्न माझ्या अशिलाचा असला तरी माझ्या क्षेत्रातला नाही.

दाव्यात चार वर्षांच्या जोडीला दोन वर्षं खर्च न दिल्याचं कारणही घालणार आहे. ऐपत नसलेल्या नवऱ्यापासून शाफई फिकह फसख देतं, तेव्हा मशिदीत खुतबा म्हणजे प्रवचन देणाऱ्या खतीबसाहेबांशी बोलायला तो धागा जवळचा. शुक्रवारी नमाजनंतर त्यांची वेळ घेतली आहे. जमातीच्या चार वडीलधाऱ्यांनी तिचं म्हणणं ऐकावं आणि कोर्टाच्या निकालानंतर मशिदीच्या दप्तरात फसखची नोंद करावी, एवढं मागणार आहे. ती स्वतः बोलेल, मी बाजूला बसेन, असं आमचं ठरलंय.